किनकाकांचे हसू

हाँगकाँगच्या शाम शुई पो भागात, जिथे रस्त्यावर जुने रेडिओ, चार्जरच्या वायरी आणि सुट्ट्या भागांच्या ढिगाऱ्यांचा बाजार भरतो, तिथल्या एका चा चान तेंगमध्ये मी दुपारी चारच्या सुमारास बसलो होतो. चा चान तेंग म्हणजे आपल्या इराण्याच्या हॉटेलाचा दूरचा चुलतभाऊ म्हणावा असे चहाचे दुकान. तिथे टेबल आपले एकट्याचे नसते, त्यामुळे माझ्यासमोर एक आजोबा आणि त्यांचा पाच-सहा वर्षांचा नातू येऊन बसले. नातवाने गोड पाव कुरतडला, पण दुधाच्या पेल्याला तो हात लावेना. आजोबांनी दोनतीनदा समजावून पाहिले. मग त्यांनी चमचा कट्यारीसारखा मुठीत धरला, डोळे बारीक केले, मान मागे टाकली आणि ते हसले. ते हसणे साधे नव्हते. छातीच्या तळाशी सुरू होऊन पायरीपायरीने वर चढणारे आणि वर पोहोचल्यावर अचानक थांबणारे असे ते हसणे होते. गल्ल्यापाशी उभा असलेला वयस्क वेटर तिथूनच ओरडला, "कान यान किन!" आणि आजूबाजूच्या टेबलांवरची तीनचार पिकली डोकी खुदकन हसली. त्या मुलाला यातले काही कळले असेल असे वाटत नाही, पण तोही हसला आणि हसता हसता त्याने दूध संपवले.

मला मात्र काहीच कळले नाही, आणि ते न कळणे संध्याकाळभर टोचत राहिले. एका हसण्यावरून अख्खे दुकान एका माणसाला ओळखते, तो माणूस तिथे नसतानाही ओळखते, आणि त्याचे नाव घेताना सगळ्यांच्या तोंडावर माया असते, हा काय प्रकार असावा? दुसऱ्या दिवशी कार्यालयातल्या सहकारी बाईंना मी ते तीन शब्द जमतील तसे म्हणून दाखवले. त्या आधी माझ्या उच्चाराला हसल्या आणि मग म्हणाल्या, "म्हणजे दुष्ट माणूस किन. शेक किन. आमचा खलनायक." 'आमचा' या शब्दावर त्यांनी दिलेला जोर मला अजून आठवतो. त्यांनी फोनवर छायाचित्र काढून समोर धरले आणि मी चमकलो. तो चेहरा माझ्या ओळखीचा होता. तीस वर्षांपासूनचा.

आमच्या तालुक्याच्या गावी तेव्हा व्हीसीआर एका रात्रीसाठी भाड्याने मिळत असे आणि पैसे वसूल व्हावेत म्हणून एका रात्रीत तीन कॅसेटी पाहायची रीत होती. पहिली देवाधर्माची, दुसरी हिंदी आणि तिसरी, घरातले मोठे पेंगायला लागल्यावर, आम्हा पोरांची. ती तिसरी म्हणजे बहुतेक वेळा ब्रूस लीचा 'एंटर द ड्रॅगन'. शेवटच्या आरशांच्या खोलीतला प्रसंग इतक्या जणांनी इतक्यांदा मागेपुढे करून पाहिलेला असे की नेमक्या तिथेच फितीवर पांढऱ्या रेघा पडलेल्या होत्या, आणि कित्येक वर्षे मी त्या रेघाही चित्रपटाचाच भाग समजत होतो. दुसऱ्या दिवशी अंगणात तो प्रसंग पुन्हा घडायचा. ब्रूस ली व्हायला सगळेच तयार असत, त्यातला खलनायक हान व्हायला कोणी नसे. अंगाने किरकोळ असल्यामुळे ते माझ्याकडे येई. आईचा फणी-कंगवा सुतळीने मनगटाला बांधून मी पोलादी पंजाचा हान होत असे, लाथा खात असे आणि मरण्यापूर्वी हसत असे. पण हसायचे कसे, हे मला ठाऊक नव्हते. मी हिंदी चित्रपटांतल्या खलनायकांसारखा हसत असे, कारण हानचे हसू आठवावे म्हटले तर आठवतच नसे.

त्याचे कारण मला त्या चहाच्या दुकानानंतर समजले. पडद्यावरचा हान शेक किनच होता, पण हानचा आवाज शेक किनचा नव्हताच.

पडद्यावर जे इंग्रजी ऐकू येते, ते सावकाश, सभ्य, काहीसे प्राध्यापकी थाटाचे बोलणे, ते केई ल्यूक या अमेरिकी अभिनेत्याचे आहे. योगायोग असा की केई ल्यूक जन्माने दक्षिण चीनमधल्या क्वांगचौचे, म्हणजे ज्या शहराच्या बोलीला जग कँटनीज म्हणते त्याच शहरातले. लहानपणीच ते सिअ‍ॅटलला गेले आणि अमेरिकी पडद्यावर चिनी माणसाचा सुसंस्कृत चेहरा म्हणून वावरले. आणि शेक किनचे मूळ गाव पान्यू, त्याच क्वांगचौच्या कुशीतले. एकाचे तोंड आणि दुसऱ्याचा आवाज, दोघांची मातृभूमी एकच, आणि त्यांनी मिळून जी भाषा बोलून दाखवली ती दोघांच्याही आजीला कळली नसती. श्रेयनामावलीत तर त्याचे नावही त्याच्या बोलीतले नाही. तिथे तो 'शिह किएन' आहे, चीनच्या राजभाषेच्या, मँडरिनच्या, वळणाचा. आवाज उसना आणि नावही परक्या उच्चाराचे, अशा अवस्थेत हा माणूस जगभर पोहोचला. लोखंडी हात, पांढरे मांजर, आरसे हे सगळे जगाने पाहिले. त्याला ऐकले ते फक्त त्याच्या शहराने, हाँगकाँगने.

त्यानंतर काही महिने मी रात्री जेवण झाल्यावर जुने कँटनीज चित्रपट पाहत बसू लागलो. खोली विसाव्या मजल्यावर होती, खिडकीखालून ट्रामचा नव्हे तर वातानुकूलन यंत्रांतून ठिबकणाऱ्या पाण्याचा आवाज येई, आणि समोर काळ्यापांढऱ्या पडद्यावर कागदी कंदील, बांबूचे बाक, पुठ्ठ्याच्या भिंती. भाषा येत नव्हती आणि उपशीर्षके असलीच तर अर्धवट. पण एवढे लवकरच लक्षात आले की शेक किन कोण आहे हे समजायला भाषा लागत नाही. तो दारातून आत येतो ना, तेव्हाच कळते. इतर लोक खोलीत शिरतात, तो खोलीचा ताबा घेतो. आधी तो कोपऱ्यातल्या वस्तूंकडे पाहतो आणि मग माणसांकडे, जणू माणसांची किंमत वस्तूंनंतर करायची आहे.

त्याचा जन्म 1913 सालचा, जानेवारीच्या एक तारखेचा. सावत्र आईने वाढवलेला हा मुलगा प्रकृतीने नाजूक होता, सतत आजारी, आणि शरीर सुधारावे म्हणून तो चिन वू संस्थेत कुस्ती-कसरतीसाठी जाऊ लागला. 1910 मध्ये शांघायमध्ये सुरू झालेली ही संस्था म्हणजे चिनी युद्धकला गुरूच्या अंगणातून काढून सार्वजनिक आखाड्यात आणणारी चळवळ होती. आपल्याकडच्या तालमी आणि व्यायामशाळा ज्या काळात राष्ट्रकार्याच्या भाषेत बोलू लागल्या, साधारण त्याच काळातली तीही. तिथे तो नऊ वर्षे राहिला, गरुडपंजासारख्या उत्तरेकडच्या आणि चॉय ली फुटसारख्या दक्षिणेकडच्या शैली शिकला आणि शिकवण्याइतका तयार झाला. चित्रपटात मात्र तो लढवय्या म्हणून आला नाही. तो रंगभूषाकाराच्या हाताखाली शिकत होता. मला त्याच्या चरित्रातली ही गोष्ट सर्वांत मोलाची वाटते. दुसऱ्याच्या भुवया कुठे जाड करायच्या, गालाचे हाड कुठे उठवायचे, कुठल्या रेघेने माणूस लबाड दिसतो आणि कुठल्या रेघेने केवळ थकलेला, हे ज्याने बोटांनी शिकून घेतले आहे, तो आरशासमोर बसला की स्वतःचा चेहरा परक्या माणसाचा असल्यासारखा हाताळू शकतो. 1940 मध्ये तो पहिल्यांदा पडद्यावर आला. पुढच्याच वर्षीच्या नाताळात जपानी सैन्याने हाँगकाँग घेतले आणि तिथली चित्रनिर्मिती जवळजवळ थंडावली.

खरी सुरुवात 1949 ची. दिग्दर्शक वू पांग यांनी फोशान गावच्या वाँग फेइ-हुंग या हाडवैद्य-गुरूवर चित्रपट काढायचे ठरवले. हा गुरू होऊन गेला त्याला तेव्हा पुरी पंचवीस वर्षेही झालेली नव्हती, आणि त्याच्या शिष्याचे शिष्य शहरात हिंडत होते. त्यातले एक, लाऊ चाम, चित्रपटात कामही करीत. नायक म्हणून क्वान ताक-हिंग हे कँटनीज संगीतनाटकातले नामांकित नट आले आणि खलनायक म्हणून शेक किन. तोवर पडद्यावरची मारामारी म्हणजे नाटकातल्यासारखी लुटुपुटूची असे. इथे पहिल्यांदा खरे पवित्रे, खऱ्या काठ्या, खरा घाम दिसला. लोकांनी ते उचलून धरले आणि मग जे झाले ते व्यवहाराला धरूनच झाले. एकट्या 1956 मध्ये वाँग फेइ-हुंगचे 25 चित्रपट आले. म्हणजे सरासरी दर पंधरवड्याला एक! त्या काळच्या हाँगकाँगमध्ये घाईने उरकलेल्या चित्रपटांना 'सात दिवसांचा ताजा माल' म्हणत, मासळीबाजारातली भाषा वापरून. 1970 पर्यंत ही मालिका सत्तरच्या घरात गेली आणि त्यातल्या बहुतेक वेळा, कथा कुठलीही असो, गावात कोणीतरी गुंड आखाडा उघडून बसलेला असे आणि तो गुंड शेक किन असे.

हे सलग पाहताना एक गंमत होते. पहिल्या पाचसहा चित्रपटांपर्यंत आपण नायकाकडे पाहतो. क्वान ताक-हिंग ताठ उभे राहतात, शिष्यांना संयमाचे धडे देतात, अक्षर गिरवतात, सिंहनृत्य करतात, आणि हे सगळे इतके सात्त्विक असते की मला शाळेतल्या मूल्यशिक्षणाच्या तासाची आठवण होऊन जांभई आली, हे कबूल केले पाहिजे. सातव्या-आठव्या चित्रपटापासून नजर आपोआप दुसऱ्या बाजूला सरकते. कारण नायक दर वेळी तोच आहे, बदलायचे आहे ते खलनायकाला. नाव नवे, आखाडा नवा, गुन्हा नवा, आणि शेवट मात्र तोच. प्रेक्षकाला शेवट ठाऊक आहे, तिकीट काढतानाच ठाऊक आहे, आणि तरीही शेवटाआधीची पाच मिनिटे त्याला वाटले पाहिजे की या खेपेला गुरूंचे काही खरे नाही. ती शंका निर्माण करणे हेच शेक किनचे काम. तो फटका मारताना जितका चांगला आहे त्याहून फटका खाताना चांगला आहे. क्वान ताक-हिंग यांचा हात लागण्याच्या किंचित आधी त्याच्या डोळ्यांत हिशेब चुकल्याची जाणीव उतरते, मग खांदा फिरतो, मग पाय सुटतो. त्या क्रमात कधी घाई नाही. दर पंधरवड्याला हरायचे, आणि दर खेपेला नव्याने, हे ज्याला जमले त्याला नऊ वर्षांची तालीम कशाला लागली असेल ते कळते.

आणि कितीदा तरी तो मरत नाही. गुरू त्याला उचलून उभा करतात, चार शब्द सुनावतात, तो मान खाली घालतो. पुढच्या चित्रपटात तो पुन्हा हसत हजर.

हे पाहताना मला निळूभाऊ आठवले नसते तरच नवल. मराठी माणसाला खलनायक म्हटले की निळू फुले आठवतात, त्यात माझे वेगळे असे काही नाही. पण दोघांच्या बाबतीत एक तपशील असा आहे की तो सापडल्यापासून माझी पाठ सोडत नाही. शेक किन 3 जून 2009 रोजी गेले, वयाच्या सत्त्याण्णवाव्या वर्षी. निळूभाऊ गेले त्याच वर्षी 13 जुलैला, पुण्यात. चाळीस दिवसांच्या अंतराने दोन भाषांनी आपापला दुष्ट माणूस गमावला, आणि दोन्हीकडे लोक हळहळले. निळूभाऊ सेवादलातले, लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेले, चळवळींत रमणारे, आणि गावोगावच्या बायाबापड्या मात्र त्यांना पाहून पदर सावरत. माझी आजी 'सामना' पाहून आल्यावर आठवडाभर त्यांच्या नावाने बोटे मोडत होती, आणि 'सिंहासन'मध्ये तेच गृहस्थ दिगू टिपणीस होऊन शेवटी वेड्यासारखे हसू लागले तेव्हा तिचा जीव कळवळला. त्यांचाही आवाज असाच होता, घोगरा, चावून चावून बाहेर येणारा. आजही कोणी तो काढला की चेहरा पाहावा लागत नाही. समजा कोणा परदेशी निर्मात्याने निळूभाऊंना घेतले असते आणि त्यांच्या तोंडी दुसऱ्याचा सफाईदार आवाज घातला असता, तर जगाला जे दिसले असते त्याला आपण निळू फुले म्हटले असते का? माझ्या लहानपणीच्या हानबद्दल मला आता असेच वाटते. मी ज्याच्या वतीने अंगणात लाथा खाल्ल्या, त्याला मी भेटलोच नव्हतो.

नावाची गोष्ट राहिली. 'कान यान' म्हणजे कपटी माणूस. दुष्टाव्याला त्यांच्या भाषेत 'कान' म्हणावे आणि आपल्याकडे तो ऐकण्याचा अवयव असावा, याची मला उगाच मौज वाटते. 'किन' या त्याच्या नावाचा अर्थ टणक, पक्का. त्यातून ते दोन शब्द उच्चाराला एकमेकांच्या इतके जवळचे की टोपणनाव जिभेवर आपोआप बसते. पण हाँगकाँगच्या रस्त्यावरच्या बोलीत 'किन'ला आणखी एक अर्थ आहे: अस्सल. खोट्या मालाच्या, खोट्या बातमीच्या उलट जे असते ते 'किन'. म्हणजे त्या नावात लबाड आणि अस्सल हे दोन्ही शेजारी बसले आहेत. सहकारी बाई म्हणाल्या की त्यांच्या लहानपणी, शाळेतून आल्यावर, दूरचित्रवाणीवर दुपारी हे चित्रपट लागत. 'कँटनीज लांब चित्रपट' असे त्या वेळेचे नाव होते, आणि पोरे 'लांब'च्या जागी 'फुटके-तुटके' अशा अर्थाचा, जवळच्या उच्चाराचा शब्द घालून चिडवत. तलवारींतून निघणारे, फितीवर हाताने ओरखडून काढलेले किरण, हलणाऱ्या भिंती, या सगळ्याला ती पिढी हसली. आणि हसता हसता तिला ते पाठ झाले.

ते दुपारचे प्रसारण चालू होते तेव्हा कँटनीज चित्रपट खुद्द चित्रपटगृहांतून जवळजवळ नाहीसा झाला होता, हे मात्र विसरून चालणार नाही. मँडरिन चित्रपटांचा थाट, रंग आणि पैसा यांपुढे त्याचा टिकाव लागला नाही, आणि 1972 हे वर्ष असे गेले की त्या शहरात, जिथे बहुतेक सगळे कँटनीज बोलतात, कँटनीज चित्रपट एकही आला नाही. पुढच्या वर्षी दोन गोष्टी घडल्या. साठीचा शेक किन दुसऱ्याच्या आवाजात बोलत जगभर गेला, आणि हाँगकाँगमध्ये एका चाळीतल्या बहात्तर भाडेकरूंची गोष्ट कँटनीजमधून पडद्यावर आली. शहराने तिकीटबारीवर कौल दिला तो भाडेकरूंना. 'एंटर द ड्रॅगन' तिथे त्यांच्या मागे राहिला. ब्रूस ली त्याच जुलैत गेलेला असूनही मागे राहिला. मला यात शेक किनचा पराभव दिसत नाही. त्याची भाषा घरी परत येत होती, आणि त्यालाही लवकरच त्या घरात काम मिळणार होते.

ते मिळालेही. 1976 मध्ये हुइ बंधूंच्या विनोदी 'द प्रायव्हेट आइज'मध्ये तो टोळीचा म्होरक्या आहे, आणि ती टोळी चक्क चित्रपटगृहात शिरून प्रेक्षकांनाच लुटते. पंचवीस वर्षे ज्यांनी तिकीट काढून याला मार खाताना पाहिले, त्यांच्याकडून त्याने एकदाचे वसूल केले म्हणायचे! 1980 मध्ये जॅकी चॅनच्या 'द यंग मास्टर'मध्ये तो पोलीस प्रमुख आहे, युएन बियाओ या नटाचा पडद्यावरचा बाप, कुरकुर करणारा, कर्तव्यदक्ष आणि गमतीदार. दूरचित्रवाणी मालिकांत तो घरातला वडीलधारा झाला. लोक त्याला 'किन सुक' म्हणू लागले, म्हणजे किनकाका. वाईट माणसाचा काका होण्यासाठी काय लागते, याचा मी पुष्कळ विचार केला, आणि मला वाटते की त्याने काही केले नाही, फक्त तो उरला. त्याला शिव्या देणारी पोरे बाप झाली, आजोबा झाली, आणि शिवी तोंडात तशीच राहून गोड झाली. 2003 मध्ये, नव्वदीत असताना, हाँगकाँग चित्रपट पुरस्कारांत त्याला व्यावसायिक निष्ठेसाठीचा सन्मान मिळाला. क्वान ताक-हिंग तोवर जाऊन सात वर्षे झाली होती. ज्याच्या हातून इतक्यांदा मार खाल्ला, तो टाळ्या वाजवायला उरला नव्हता.

हाँगकाँग सोडण्याच्या आदल्या आठवड्यात मी त्या चहाच्या दुकानात पुन्हा गेलो. आजोबा आणि नातू नव्हते, असण्याचे कारणही नव्हते. वेटर तोच होता. त्याने पातळ कापडी पिशवीतून चहा या भांड्यातून त्या भांड्यात ओतताना माझ्याकडे न पाहताच काय हवे ते विचारले. मी ऑर्डर देण्याऐवजी, फोनवरचे कृष्णधवल छायाचित्र पुढे करून, पाठ करून आणलेले दोन शब्द म्हटले: "किन सुक." तो बुचकळ्यात पडला. मग छायाचित्र पाहून त्याला माझी चूक कळली. माझा स्वर खाली उतरत होता आणि खालच्या स्वरातल्या 'किन'चा अर्थ त्यांच्याकडे 'पाहणे' असा होतो. मी गेली तीस वर्षे जे केले होते तेच माझ्या तोंडून येत होते. त्याने हात आडवा, छातीच्या वर, सपाट धरला: स्वर इथे, वर, आणि खाली आणायचा नाही. मी पुन्हा म्हटले. त्याने मान हलवली, नाही. शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी वर्तमानपत्र खाली ठेवून तो शब्द एकदा स्वच्छ म्हणून दाखवला. तिसऱ्या खेपेला तो बसला असावा, कारण वेटरने चहाचे भांडे खाली ठेवले, डोळे बारीक केले, आणि छातीच्या तळापासून हसायला सुरुवात केली.